रोजा आणि सोनोग्राफी

‘पोटात दुखतं खरं, पण सोनोग्राफी ईदनंतर बघू.’ रमजानमध्ये हे वाक्य अनेक घरांत ऐकू येतं आणि तपासणी महिनाभर लांबते. बहुतेकदा त्याची गरज नसते.

यकृत, पित्ताशय, स्वादुपिंड पाहायचं असेल तर साधारण सहा ते आठ तास उपाशीपोटी बोलावतात. खाल्लं की पित्ताशय आकसतं, त्यातले खडे नीट दिसत नाहीत. आतड्यांतला वायूही आड येतो. म्हणजे पहाटे सहेरी केलेला रोजेदार दुपारपर्यंत आपसूक तयार! दुपारची वेळ मागून घ्यावी. पोटावर लावलेल्या जेलने रोजा तुटत नाही.

गर्भाशय, मूत्राशय किंवा प्रोस्टेट पोटावरून पाहायचं असेल तर गोष्ट उलटी. तिथे मूत्राशय भरलेलं लागतं. त्यासाठी तासभर आधी चार-पाच ग्लास पाणी पिऊन लघवी रोखायची असते. अशा वेळी इफ्तारनंतरची वेळ मिळते का, ते विचारावं.

दुखणं तातडीचं असेल तर मात्र थांबू नये. आजारी माणसाने सुटलेले रोजे नंतर पूर्ण करावेत, ही सवलत कुरआनच्या सूरह बकरामध्येच आहे. मधुमेहींनी गोळ्या-इन्सुलिनचं वेळापत्रक डॉक्टरांकडून आधीच ठरवून घ्यावं. निर्जळी एकादशी करणाऱ्या शेजाऱ्यांनाही हाच हिशेब लागू.

शरीर ही अल्लाहची अमानत. ती सांभाळणं हीसुद्धा इबादतच.