तिठ्यावरची प्रश्नमंजूषा

(द्वितीय वर्ष, कला)

प्रश्नमंजूषा म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर महाविद्यालयाचे सभागृह उभे राहते. व्यासपीठावर टेबले मांडलेली, प्रत्येक टेबलावर एक घंटा, मध्यभागी प्रश्न विचारणारे प्राध्यापक आणि समोर आपापल्या वर्गाला ओरडून उत्तर सांगू पाहणारे आपण सारे! परंतु ज्यांची एकमेकांशी कधी प्रत्यक्ष भेटच झालेली नाही अशी चौदा माणसे चौदा घरांत बसून एकाच कार्यालयाचे काम करीत असतील, तर त्यांची प्रश्नमंजूषा घ्यावयाची कशी? घंटा कोणी वाजवायची, आणि ती ऐकायची कोणी?

हा प्रश्न काल्पनिक नाही. कॉलेज सुटल्यावर सायंकाळी तीन तास मी घरूनच एका संस्थेचे काम करते. मराठीतील ध्वनिमुद्रित बोलणे ऐकून ते जसेच्या तसे टंकलिखित करावयाचे, असे ते काम आहे. माझे सहकारी नाशिक, परभणी, कुडाळ, बेळगाव असे विखुरलेले आहेत. आमचे ‘कार्यालय’ म्हणजे पडद्यावरचे ‘स्लॅक’ नावाचे संभाषणाचे दालन. तेथे महिन्यातून एका शनिवारी अर्धा तास प्रश्नमंजूषा होते आणि गेले सहा महिने ती घेण्याचे काम माझ्याकडे आहे. उद्या आपल्यापैकी अनेकांना अशाच न दिसणाऱ्या कार्यालयांत काम करावे लागेल, म्हणून हा खटाटोप कसा चालतो ते सांगावेसे वाटते.

प्रथम या साधनाविषयी थोडेसे. स्लॅकचा जन्म एका फसलेल्या खेळातून झाला आहे, हे ऐकून वाचकांस नवल वाटेल. स्ट्यूअर्ट बटरफील्ड व त्याचे साथीदार ‘ग्लिच’ नावाचा एक खेळ इंटरनेटवर चालवीत असत. तो खेळ चालेना म्हणून २०१२ च्या डिसेंबरात बंद करावा लागला. पण निरनिराळ्या शहरांतून काम करताना आपसांत बोलण्यासाठी या मंडळींनी स्वतःपुरते जे साधन तयार केले होते, ते फार उपयोगी असल्याचे त्यांच्या ध्यानात आले. तेच पुढे २०१४ साली ‘स्लॅक’ म्हणून सर्वांसाठी खुले झाले, आणि २०२१ साली सेल्सफोर्स या कंपनीने ते विकत घेतले. याच्याही मागे जायचे तर १९८८ साली फिनलंडमधील औलू विद्यापीठात यार्को ओइकारिनेन याने ‘आयआरसी’ नावाची लेखी गप्पांची व्यवस्था तयार केली होती. विषयावार ‘चॅनेल’ पाडण्याची स्लॅकची पद्धत तिच्यावरूनच आलेली आहे. त्या आयआरसीवरही आपोआप प्रश्न विचारणारे यंत्रसेवक असत. तेव्हा कामाच्या या फळ्यावर कोणी खेळ मांडला, तर ती काही नवी थेरे नव्हेत.

आता ‘ट्रिव्हिया’ या शब्दाकडे वळू. किरकोळ, बिनमहत्त्वाची माहिती असा त्याचा आजचा अर्थ. त्याचे मूळ लॅटिन ‘ट्रिव्हियम’ या शब्दात आहे. तीन वाटा जेथे मिळतात ती जागा म्हणजे ट्रिव्हियम. आपल्या भाषेत सांगायचे तर तिठा! तिठ्यावर कोणीही भेटतो आणि काहीही बोलतो. गंमत अशी की मध्ययुगीन युरोपातील विद्यापीठांत व्याकरण, तर्कशास्त्र आणि वक्तृत्व या तीन विषयांच्या प्राथमिक अभ्यासालाही ट्रिव्हियम हेच नाव होते. म्हणजे एकाच शब्दात तिठ्यावरचे बोलणे आणि विद्यापीठातील पाठ दोन्ही आले. कार्यालयातील प्रश्नमंजूषा या दोहोंपैकी कशासारखी असावी, हाच खरा वादाचा मुद्दा आहे.

कारण माझ्याआधी ही प्रश्नमंजूषा होत असे तेव्हा चित्र असे होते. प्रश्न चॅनेलमध्ये पडायचा, जो प्रथम बरोबर उत्तर टाइप करील त्याला गुण. एका अमेरिकन मालिकेतील मित्रमंडळी ज्या कॉफीगृहात जमतात त्याचे नाव काय, अमुक मोटारशर्यतीत कोण जिंकला, तमुक इंग्रजी चित्रपटातील वीराची शक्ती कोणती, असे प्रश्न. दर वेळी तेच तिघेजण उत्तरे देत. उरलेले दहाजण ‘वा!’ म्हणणारी चिन्हे टाकीत किंवा गप्प राहत. परभणीचे एक काका आहेत, वयाने आम्हा सर्वांत मोठे. वऱ्हाडीपासून मालवणीपर्यंत कोणतीही बोली ते एकदा ऐकून बिनचूक लिहितात. आम्ही कोठे अडलो तर त्यांनाच विचारतो. या खेळात मात्र त्यांचा गुण कायम शून्य. एकदा त्यांनी मला खाजगीत लिहिले, “पोरी, आपल्याला काही जनरल नॉलेज नाही बघ.”

हे वाक्य मला फार लागले. काकांना ज्ञान नाही? ‘सामान्य ज्ञान’ यातील ‘सामान्य’ हा शब्द कोणाच्या घरचा आहे, हे आपण कधी विचारतो का? भारतातील प्रश्नमंजूषेची परंपरा पाहिली तर १९६७ साली कलकत्त्यात नील ओब्रायन यांनी खुली स्पर्धा घेतली, १९७२ पासून रेडिओवर बोर्नव्हिटाची स्पर्धा ऐकू येऊ लागली, १९८५ साली दूरदर्शनवर सिद्धार्थ बसू यांचे ‘क्विझ टाइम’ सुरू झाले. या साऱ्यांचे वळण इंग्रजी शाळांचे होते. २००० साली ‘कौन बनेगा करोडपती’ आले तेव्हा प्रश्न हिंदीत आले, आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे उत्तराचे चार पर्याय आले. पर्याय असले की माणसाला विचार करायला काहीतरी धरता येते. ज्याला उत्तर पाठ नाही तोही दोन पर्याय खोडून तिसऱ्यापाशी येऊ शकतो.

माझ्या घरी माझ्याआधी कोणी कॉलेजात गेलेले नाही. आईचे शिक्षण चौथीपर्यंतचे. पण तिला हुमाणी येतात, हुमाणी म्हणजे कोडी, आणि ती घालताना तिचा तोरा पाहण्यासारखा असतो. हुमाणे आणि परीक्षेतला प्रश्न यांत मला एक मोठा भेद दिसतो. परीक्षेतल्या प्रश्नाचे उत्तर एक तर ठाऊक असते किंवा नसते. हुमाण्याचे उत्तर हुमाण्यातच दडलेले असते, डोके चालवले की तेथवर पोहोचता येते. कार्यालयाच्या खेळासाठी प्रश्न काढताना मी हीच कसोटी लावते. ज्याला उत्तर ठाऊक नाही त्याला निदान वाट तरी दिसावी.

उदाहरण घेऊ. ‘राजा हरिश्चंद्र हा चित्रपट कोणत्या साली आला?’ या प्रश्नात काही राम नाही. १९१३ हे उत्तर दहा सेकंदांत शोधूनही काढता येते. त्याऐवजी मी विचारले, ‘दादासाहेब फाळके यांच्या १९१७ सालच्या लंकादहन चित्रपटात राम आणि सीता यांची कामे करणाऱ्या कलावंतांत कोणते साम्य होते?’ पाच मिनिटे धमाल झाली. भाऊ-बहीण, नवरा-बायको, एकाच गावचे, असे तर्क चालले. मग कोणीतरी लिहिले, त्या काळी स्त्रिया चित्रपटात काम करीत नसत, म्हणजे दोघेही पुरुष असणार. आणि तेथून एक पाऊल पुढे टाकून कुडाळच्या ताईंनी लिहिले, ‘दोघे नव्हेतच, एकच!’ अण्णा साळुंके यांनी दोन्ही भूमिका केल्या होत्या. हेच साळुंके हरिश्चंद्राच्या वेळी फाळक्यांना एका उपाहारगृहात काम करताना सापडले होते, हे सांगितल्यावर तर उत्तर न येणाऱ्यांनाही काही हाती लागले.

असेच दुसरे उदाहरण. पाव, चावी, बटाटा, खिडकी यांतला कोणता शब्द पोर्तुगीजांकडून आलेला नाही? (खिडकी आपली आहे.) किंवा चित्राचा प्रश्न घ्या. नुकतीच टाकी लावलेल्या पाट्याचे अगदी जवळून घेतलेले छायाचित्र मी टाकले होते. ‘चंद्राचा पृष्ठभाग’ असे उत्तर एका अभियंता झालेल्या दादांनी दिले. काकांनी अर्थातच क्षणात ओळखले. आकड्यांचे प्रश्न द्यायचे झाल्यास ‘सर्वांत जवळचा अंदाज’ असा नियम ठेवावा. कळसूबाईची उंची १६४६ मीटर आहे हे पाठ असण्याची मग गरज राहत नाही. डोंगर चढलेला माणूस आपल्या पायांच्या आठवणीवरूनही अंदाज करतो.

मात्र येथे एक सावधगिरी हवी. सगळेच प्रश्न जाते, पाटा आणि नांगर यांवर काढले, तर आधी दहाजण गप्प होते त्याऐवजी उरलेले तिघे गप्प होतील, एवढाच फरक. मोटारशर्यतीचा एखादा प्रश्न असू द्यावा. ज्याला तो येतो त्याचीही हौस खरी असते.

आता प्रत्यक्ष रीत. प्रश्नमंजूषेसाठी स्वतंत्र चॅनेल काढावे, नाहीतर कामाचे निरोप आणि खेळाचे निरोप यांची खिचडी होते. उत्तरे उघड्या चॅनेलमध्ये मागवू नयेत, कारण पहिले उत्तर दिसताच पुढच्यांचा विचार थांबतो. पर्यायांवर एक, दोन, तीन अशी चिन्हे उमटवून घेण्याची सोय स्लॅकमध्ये आहे व ती सोपीही आहे. पण कोणी कोणते चिन्ह दिले ते सर्वांना दिसते, आणि वरिष्ठांनी ‘दोन’ म्हटले की मागोमाग पाचजण ‘दोन’ म्हणतात! आम्ही चौदाजण आहोत. मी प्रश्न घालणारी आणि एकजण गुण लिहिणारा वगळता बाराजण उरतात, त्यांचे तिघातिघांचे चार संघ. प्रत्येक संघाचे आपसांतले खाजगी संभाषण वेगळे. संघाने तेथे हवा तेवढा वाद घालावा आणि ठरलेले उत्तर एकाने मला थेट निरोपाने पाठवावे. अशा रीतीने माझ्याकडे बाराऐवजी चारच निरोप येतात. शिवाय खरी मौज त्या तिघांच्या वादात असते.

वेगाला गुण देणे मी पहिल्याच दिवशी बंद केले. याला कारण आहे. कोणी संगणकावर दहा बोटांनी टाइप करतो, कोणी मोबाइलवर एका अंगठ्याने देवनागरीची जोडाक्षरे शोधत असतो. कुडाळला पाऊस लागला की ताईंची रेंज जाते, मग त्यांचे उत्तर मिनिटभराने येऊन पडते. तेव्हा प्रत्येक प्रश्नाला दोन मिनिटे द्यावीत आणि मुदतीत आलेली सर्व बरोबर उत्तरे सारखीच धरावीत. रोमन लिपीत लिहिलेले, ऱ्हस्वदीर्घ चुकलेले, ध्वनिमुद्रित करून पाठवलेले, सगळे चालते. आमच्या कामात शुद्धलेखनाला फार जपावे लागते, म्हणून निदान अर्धा तास त्यातून सुटका! शब्दांच्या बाबतीत तर प्रश्नकर्त्याने फारच सैल असावे. हरभऱ्याचे कोवळे घाटे भाजून खातात त्याला काय म्हणतात, या प्रश्नाला माझ्या वहीत ‘हुळा’ एवढेच उत्तर होते. एका संघाने ‘हावळा’ कळविले. दोन्ही बरोबर धरले, आणि त्यावरून जी चर्चा पेटली ती सोमवारीही चालू होती.

उत्तर कोणी इंटरनेटवर शोधले तर? शोधू द्यावे. प्रश्नकर्त्याने पोलीस होऊ नये. शोधून चटकन सापडणारे प्रश्नच काढू नयेत, हा त्यावरचा उपाय. आपोआप प्रश्न विचारणारे तयार कार्यक्रमही स्लॅकला जोडता येतात, पण त्यांतले बहुतेक प्रश्न अमेरिकेतील करमणुकीचे व इंग्रजीत असतात, म्हणजे फिरून पहिल्याच ठिकाणी येणे. अर्ध्या तासाला दहा प्रश्न पुष्कळ झाले. ते आधी वहीत लिहून, तपासून, मग एकेक टाकावेत, आयत्या वेळी टाइप करीत बसल्यास मंडळी चहाला उठून जातात. गुणांची नोंदही वहीतच ठेवावी. फुकट वापरणाऱ्यांना नव्वद दिवसांपूर्वीचे निरोप स्लॅक दाखवीत नाही, हा नियम २०२२ पासून आहे.

शेवटी एक गोष्ट, जी कोणत्याही सूचनापत्रात लिहिलेली नसते. आम्हाला पैसे मिळतात ते टंकलिखित केलेल्या ध्वनीच्या मिनिटांवर. अर्धा तास खेळलो म्हणजे अर्ध्या तासाची मिळकत बुडाली. संस्थेला वाटते, कर्मचाऱ्यांना विरंगुळा दिला. कर्मचारी मनात हिशेब करीत असतो. आधीच्या काळात जे गप्प असत त्यांतले काहीजण उत्तर येत नाही म्हणून नव्हे, तर दुसऱ्या खिडकीत काम चालू आहे म्हणून गप्प असत, हे मला त्यांच्याशी बोलल्यावर कळले. मी आमच्या देखरेख करणाऱ्या मॅडमना हे सरळ लिहिले. बरीच भवति न भवति झाली. अखेर त्या अर्ध्या तासाचे सरासरी कामाइतके पैसे धरण्याचे ठरले, आणि ज्याला खेळायचे नसेल त्याने त्या वेळात आपले काम करावे, त्याला कोणी बोल लावू नये, हेही ठरले. त्यानंतरच्या शनिवारी बाराच्या बाराजण हजर होते.

बक्षीस म्हणून आम्ही काही देत नाही. जिंकणाऱ्या संघाने पुढील महिन्याचे तीन प्रश्न काढावयाचे, एवढाच मान. गेल्या महिन्यात तो काकांच्या संघाला मिळाला. त्यांचे प्रश्न आले आहेत. पहिला कापसाच्या वेचणीवर आहे, दुसरा मोडी लिपीवर आणि तिसरा, कोणाच्या सांगण्यावरून कोण जाणे, मोटारशर्यतीवर!