पाच मात्रांची भीती

‘हॉरर आहे, बजेट नाहीये, पण म्युझिक एकदम हॉलिवूड पाहिजे हं!’ दिवसा ऑफिसात कोडिंग आणि रात्री दोस्तमंडळींच्या छोट्या फिल्म्सना पार्श्वसंगीत, असा माझा डबल रोल गेली चार वर्षं चालू आहे. त्यामुळे हे वाक्य आता तोंडपाठ झालंय. त्यावर माझं उत्तरही ठरलेलं: जॉन कारपेंटर.

१९७८च्या ‘हॅलोविन’चं बजेट होतं सुमारे ३ लाख डॉलर्स. म्हणजे ऑर्केस्ट्रा विसराच. मग हा दिग्दर्शक स्वतःच सिंथेसायझरवर बसला आणि साधारण तीन दिवसांत अख्खं संगीत उरकून मोकळा! श्रेयनामावलीत मात्र ऐटीत छापलं, ‘बोलिंग ग्रीन फिलहार्मोनिक ऑर्केस्ट्रा’. असा ऑर्केस्ट्रा नव्हताच. बोलिंग ग्रीन हे त्याचं गाव.

त्या थीमचा ठेका पाचाचा. संगीताचे प्राध्यापक असलेल्या वडिलांनी लहानपणी बोंगोवर शिकवलेला. टेबलावर वाजवून बघा: तीन-तीन-दोन-दोन. एकूण दहा, म्हणजे आपल्या झपतालाइतकेच; पण झपताल दोन-तीन-दोन-तीन असा डौलात चालतो, आणि हा मध्येच पायाखालची पायरी काढून घेतो. केहरव्यावर वाढलेला आपला कान तिथे बरोब्बर दचकतो. फुकटात!

कारपेंटर सांगतो की संगीताविना सिनेमा पाहिलेल्या एका स्टुडिओवाल्या बाईंना जराही भीती वाटली नव्हती. हाच किस्सा आमच्या सध्याच्या दिग्दर्शकाने माझ्यावर उलटवलाय. चौदा मिनिटांच्या फिल्ममध्ये त्याला चौदा मिनिटं म्युझिक हवंय. मी म्हणतो, बाबा रे, विहिरीच्या सीनला फक्त रहाटाची करकर ठेव. सतत वाजणारं संगीत घरातल्या फ्रीजसारखं असतं, दोन मिनिटांनी ऐकूच येत नाही. २०१३च्या ‘फँड्री’साठी अजय-अतुलनी केलेलं गाणं प्रमोशनमध्ये धडाक्यात वाजलं, सिनेमात मात्र ते नाहीच. तिथे आलोकनंदा दासगुप्ताचं पार्श्वसंगीत आहे. तेवढी हिंमत दाखव ना!

पैशांचं विचाराल तर सोपं आहे. मानधन देता येत नसेल तर संगीताचे हक्क माझ्याकडे राहतील, हे मी आधी लेखी घेतो. मैत्री असली तरी. तिथे वाद नाही. वाद आहे तो विहिरीवर, आणि एडिट शुक्रवारी लॉक होतंय. काल रात्री दीड वाजता त्याचा मेसेज आला, ‘निदान एक व्हायोलिन?’

मी अजून रिप्लाय दिलेला नाही.