टेहळणीचा मंडप आणि चारुलताची दुर्बीण

आपण मुलाला न्याहाळतो, शत्रूची टेहळणी करतो, संशयितावर पाळत ठेवतो. प्रेमकथेत ही क्रियापदे एकमेकांत मिसळली की काय होते, हे शिकवताना धारच्या वर्गात मला मांडू हाताशी असते. तिथला रूपमती मंडप मुळात सैन्याची टेहळणीची जागा. लोककथेने तीच रूपमतीची नर्मदादर्शनाची जागा केली. खालच्या महालातून बाजबहादूर तिला पाहत असे, हेही वाटाडे रंगवून सांगतात. तिला ते पाहणे कसे वाटत होते, हे मात्र कुणी सांगत नाही.

सत्यजित राय यांच्या 'चारुलता'त (१९६४) पाहणारी स्त्रीच आहे. दुपारच्या रिकाम्या घरात चारू एकेका खिडकीची झडप उघडते आणि हातातल्या छोट्या दुर्बिणीतून रस्त्यावरच्या माणसांचा माग घेते. तेवढ्यात पती भूपती वाचनात गढलेला, तिच्याकडे न पाहता शेजारून निघून जातो. चारू दुर्बीण त्याच्या पाठीवर रोखते. जवळचा माणूस दूर गेल्याचे असे दुसरे दृश्य मला आठवत नाही. पुढे झोक्यावर बसून ती त्याच दुर्बिणीतून अमलला पाहते, आणि आपल्या मनात काय चालले आहे ते तिचे तिलाच उमगते.

बुद्धदेव दासगुप्ता यांच्या 'आमि, यासिन आर आमार मधुबाला'मध्ये (२००७) दुर्बिणीच्या जागी छुपा कॅमेरा येतो. दोन तरुण शेजारच्या रेखाच्या खोलीवर पाळत ठेवतात आणि त्यालाच प्रेम समजतात. गंमत म्हणजे पुढे दहशतवादी असल्याचा संशय त्यांच्यावरच येतो. चारू पाहताना स्वतःला ओळखते. या दोघांना पडद्यावर फक्त हवी ती मधुबाला दिसते.

'मागे मागे फिरणे म्हणजे प्रेमच ना?' असे म्हणणारी मुले दरवर्षी वर्गात असतात. हिंदी चित्रपटांतले निम्मे नायक त्यांच्या बाजूने उभे असतात. चोरून पाहणे आणि पाठलाग हे २०१३ पासून कायद्याने स्वतंत्र गुन्हे आहेत, हे सांगितले की वर्ग गप्प होतो, पण ती गप्प पटल्याची नसते. देवासला या चित्रपटावर बोलत होते, तेव्हा एका विद्यार्थिनीने विचारले, "मॅडम, खोलीत कॅमेरा आहे हे तिच्याआधी आपल्याला कळतं. मग आपण का पाहत राहतो?" उरलेला तास त्याच प्रश्नात गेला, मुले पहिल्यांदाच मुलींचे ऐकत होती.