गोऽऽल! : आंद्रेस कांतोर आणि अमेरिकेतलं स्पॅनिश फुटबॉल समालोचन

१८ जुलै १९९४. कोल्हापुरात रात्रीचा एक वाजला होता आणि आमच्या मंगळवार पेठेतल्या बोळात बहुतेक घरांत दिवे जळत होते. दूरदर्शनवर विश्वचषकाचा अंतिम सामना होता, ब्राझील विरुद्ध इटली. अमेरिकेत तेव्हा १७ तारखेची दुपार होती. कोल्हापूरच्या पेठा ब्राझील आणि अर्जेंटिना अशा दोन पक्षांत विभागलेल्या असतात, हे बाहेरच्यांना सांगूनही पटत नाही. आमचं घर ब्राझीलचं. जादा वेळ धरून १२० मिनिटं आम्ही गोलची वाट पाहिली. गोल झालाच नाही. शेवटी पेनल्टींवर निकाल लागला, इटलीच्या बाजिओने चेंडू बारवरून मारला आणि ब्राझील ३-२ असं जिंकलं.

पॅसाडेना शहरातल्या रोझ बाउल स्टेडियमवर त्या दिवशी ९४ हजारांहून अधिक माणसं होती. आणि अमेरिकेतल्या स्पॅनिश भाषकांसाठी युनिव्हिजन वाहिनीवर या सामन्याचं समालोचन करत होते आंद्रेस कांतोर. गेला महिनाभर या माणसाची ‘गोऽऽऽल’ ही आरोळी अमेरिकाभर गाजत होती. मोठ्या सामन्याच्या दिवशी मात्र त्यांना ती आरोळी द्यायची संधी एकदाही मिळाली नाही. दोन तासांचा गोलशून्य खेळ त्यांना नुसत्या शब्दांवर तोलून धरावा लागला.

मला हे कळलं ते फार नंतर. माझं शिक्षण वाणिज्य शाखेचं. स्पॅनिश मी शब्दकोश आणि जुन्या सामन्यांची ध्वनिमुद्रणं यांच्या जोरावर शिकलो, त्यामुळे माझ्या स्पॅनिशमध्ये आजही क्रियापदांपेक्षा कॉर्नर किक जास्त आहेत. पण त्या ध्वनिमुद्रणांमुळेच एक गोष्ट लक्षात आली. अमेरिकेने कांतोरांची आरोळी उचलली आणि उरलेला माणूस तसाच बाजूला ठेवला. या लेखात मला त्या उरलेल्या माणसाबद्दल लिहायचं आहे.

कांतोर १९६२ साली ब्युनोस आयर्समध्ये जन्मले. पूर्व युरोपातून दक्षिण अमेरिकेत आलेल्या ज्यू लोकांचं हे घराणं. म्हणजे स्थलांतर घरात आधीच एकदा होऊन गेलेलं होतं, आंद्रेस यांच्या वाट्याला दुसरं आलं. किशोरवयात ते दक्षिण कॅलिफोर्नियात आले, सॅन मरीनोच्या शाळेत शिकले आणि पुढे युनिव्हर्सिटी ऑफ सदर्न कॅलिफोर्नियात गेले. नकाशा काढून पाहिला तर सॅन मरीनो पॅसाडेनाला लागूनच आहे. विश्वचषकाचा अंतिम सामना या मुलाच्या शाळेच्या शेजारच्या गावात खेळवला गेला.

पण ज्या काळात ते तिथे पोचले, त्या काळात अमेरिकेत फुटबॉलचं भवितव्य कोणी विचारलं असतं तर ते धूसरच दिसलं असतं. पेले १९७५ ते १९७७ न्यूयॉर्क कॉसमॉसकडून खेळले, मैदानं भरली, आणि १९८४च्या हंगामानंतर ती लीगच बंद पडली. खेळाला ‘सॉकर’ म्हणत, कारण फुटबॉल हे नाव तिथे दुसऱ्याच खेळाने घेतलेलं. (‘सॉकर’ हा शब्द मात्र अमेरिकेचा नाही, इंग्रजांचाच. ‘असोसिएशन फुटबॉल’मधल्या ‘असोसिएशन’चं ते विद्यार्थ्यांनी केलेलं लाडकं रूप.) अशा देशात फुटबॉलचा समालोचक म्हणून पोट भरायचं, ही कल्पना इंग्रजीत तरी कोणाला सुचली नसती.

स्पॅनिशमध्ये ती सुचू शकत होती. १९८७मध्ये कांतोर युनिव्हिजनमध्ये आले. १९९०च्या जनगणनेनुसार अमेरिकेत हिस्पॅनिक लोकसंख्या २ कोटी २० लाखांच्या वर होती. या लोकांना फुटबॉल समजावून सांगण्याची गरज नव्हती. त्यांना तो हवा होता आणि तो दाखवणारं कोणी नव्हतं, एवढाच प्रश्न होता. त्याच वर्षीचा विश्वचषक इंग्रजीत टीएनटी वाहिनीने दाखवला, तो खेळ चालू असताना मध्येच जाहिराती घालून. पंचेचाळीस मिनिटं न थांबणाऱ्या खेळाचं करायचं काय, हे त्यांना उमगलं नव्हतं. स्पॅनिशचा गंध नसलेले कितीतरी प्रेक्षक त्या वेळी कंटाळून युनिव्हिजन लावू लागले, असं त्या पिढीतले अमेरिकन फुटबॉलवेडे आजही सांगतात. भाषा कळत नव्हती, पण खेळ कळत होता.

आता त्या आरोळीकडे येऊ. ती कांतोरांनी शोधली नाही आणि तसा दावाही ते करत नाहीत. लांब ‘गोल’चं श्रेय सहसा १९४०च्या दशकातले ब्राझीलचे रेडिओ समालोचक रेबेलो ज्युनियर यांना दिलं जातं. तिथून ती सगळ्या दक्षिण अमेरिकेत पसरली. ही पद्धत रेडिओची आहे, हे विसरलं की ती नुसता आरडाओरडा वाटते. रेडिओवर ऐकणारा माणूस स्वयंपाकघरात असतो, गॅरेजमध्ये असतो, खरखरीतून शब्द वेचत असतो. त्याला बाहेरच्या खोलीतून धावत यायला वेळ लागतो. समालोचकालाही गर्दीतून नेमका कोणाचा पाय लागला ते शोधायला काही क्षण हवे असतात. एकच स्वर लांबवला की दोघांचंही काम होतं. मराठीत तो लिहायला आपल्याकडे अवग्रहाचं चिन्ह आहे, ते किती वेळा काढायचं एवढाच प्रश्न. गाणाऱ्यांच्या भाषेत ज्याला दमसास म्हणतात, तो इथे लागतो.

आणि ही आरोळी या परंपरेत वर्णनाचा शेवट म्हणून येते. स्पॅनिश समालोचनात दोन वेगळी माणसं असतात. एक ‘रेलातोर’, म्हणजे घडतंय ते सांगणारा, दुसरा ‘कोमेन्तारिस्ता’, म्हणजे त्यावर भाष्य करणारा. कांतोर पहिल्या जातीचे. युनिव्हिजनवर त्यांच्या शेजारी नोर्बेर्तो लोंगो भाष्यकार म्हणून असत, तेही अर्जेंटिनाचेच. रेलातोर चेंडू कोणाकडे आहे ते सतत सांगत राहतो, आणि चेंडू गोलकडे सरकेल तसा त्याचा वेग आणि पट्टी चढत जाते. अंतिम सामन्याचं ध्वनिमुद्रण ऐकताना मला हेच जाणवलं. आरोळी एकही नाही, पण चढ-उतार सगळे जागच्या जागी. दीड तासाच्या या कामाकडे कोणी लक्ष दिलं नाही. १९९४ साली डेव्हिड लेटरमन यांच्या रात्रीच्या कार्यक्रमात कांतोरांना पाहुणे म्हणून बोलावलं गेलं, ते त्या एका अक्षरासाठी.

‘द सिम्प्सन्स’ या व्यंगचित्र मालिकेच्या १९९७च्या एका भागात हा फरक फार नेमका पकडला आहे. मैदानावर तीन खेळाडू एकमेकांकडे चेंडू ढकलत बसले आहेत. इंग्रजी निवेदक ते जांभई देत सांगतो. शेजारच्या कक्षातला स्पॅनिश निवेदक तंतोतंत तीच माहिती सांगतो, पण जीव ओतून. बहुतेक लोक त्यावर हसले ते दुसऱ्या निवेदकाला. मला मात्र त्यात पहिल्याची जास्त टिंगल दिसते.

त्याच उन्हाळ्यात या अक्षराला एक काळी किनारही लागली. २२ जूनला रोझ बाउलवरच अमेरिकेविरुद्धच्या सामन्यात कोलंबियाच्या आंद्रेस एस्कोबारच्या पायाला लागून चेंडू स्वतःच्याच जाळ्यात गेला. कोलंबिया २-१ हरली आणि लवकरच स्पर्धेबाहेर पडली. २ जुलैला मेदेयीन शहरात एस्कोबारची गोळ्या घालून हत्या झाली. मारेकरी प्रत्येक गोळीबरोबर ‘गोल’ असं ओरडला, अशा बातम्या त्या वेळी जगभर छापून आल्या. अमेरिकेतल्या कोलंबियन घरांत त्या उन्हाळ्यात कांतोरांची आरोळी पुढे कशी ऐकली गेली असेल, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

आता एका अवघड गोष्टीबद्दल. स्थलांतरिताच्या बोलण्याचा हेल इंग्रजीत अडथळा ठरतो हे आपल्याला ठाऊक आहे. कांतोरांपुढे प्रश्न त्यांच्या स्वतःच्या भाषेतच होता. त्यांचे श्रोते बहुसंख्य मेक्सिकन, शिवाय साल्वादोरचे, कोलंबियाचे, ग्वातेमालाचे. मेक्सिकोचा माणूस रस्त्याला ‘काये’ म्हणतो, ब्युनोस आयर्सचा ‘काशे’. गोलरक्षक अर्जेंटिनात ‘आर्केरो’, मेक्सिकोत ‘पोर्तेरो’. खेळाडूचा सदरा तिकडे ‘कामिसेता’, इकडे ‘प्लायेरा’. अस्सल ब्युनोस आयर्सचं बोलावं तर चार घरं परकी होतात, सगळं घासून गुळगुळीत करावं तर खेळाचा रस जातो. आकाशवाणीवर बाळ ज. पंडितांनी क्रिकेट मराठीत आणलं तेव्हा त्यांच्यासमोर शब्द कमी होते, ते घडवावे लागले. कांतोरांपुढे उलटी पंचाईत होती. शब्द फार होते, आणि प्रत्येक शब्दाला एक देश चिकटलेला होता.

त्यांच्या १९९०च्या दशकातल्या समालोचनात मला तरी असं ऐकू येतं की त्यांनी उच्चार फारसा लपवला नाही, पण गल्लीतली बोली बाहेर ठेवली. वीस देशांतून आलेली माणसं रविवारी एकाच आवाजाभोवती बसू लागली. ‘हिस्पॅनिक’ हा जनगणनेतला रकाना प्रत्यक्षात कुठे एकत्र आला असेल, तर त्यात या आवाजाचा वाटा मोठा आहे. हे विधान मी जपूनच करतो आहे, पण करतो आहे.

त्या स्पर्धेला एकूण ३५ लाख ८७ हजार प्रेक्षक आले, सामन्याला सरासरी ६९ हजारांच्या जवळ. सामने ५२ होते. पुढे सामन्यांची संख्या ६४ झाली, तरी हा एकूण आकडा २०२२पर्यंत कोणत्याही विश्वचषकाला गाठता आला नाही. अमेरिकेला फुटबॉल नको आहे, हे वाक्य खरं तर तिथेच संपायला हवं होतं.

व्यापाऱ्यांना ते उशिरा कळलं, पण कळलं. २०१० आणि २०१४ या दोन विश्वचषकांच्या प्रक्षेपण हक्कांसाठी अमेरिकेत इंग्रजीचे सुमारे १० कोटी डॉलर मिळाले, स्पॅनिशचे सुमारे ३२ कोटी ५० लाख. पुढच्या दोन स्पर्धांसाठी इंग्रजीचा आकडा ४० कोटींच्या आसपास आणि स्पॅनिशचा ६० कोटींच्या आसपास असल्याचं त्या वेळी प्रसिद्ध झालं. जगातल्या सर्वांत श्रीमंत इंग्रजी बाजारात इंग्रजी हक्क स्वस्त आणि स्थलांतरितांच्या भाषेतले महाग! कांतोरांची कारकीर्द ‘भावनिक’ म्हणून बाजूला सारणाऱ्यांनी हे आकडे पाहावेत.

गंमत अशी की यातला मोठा काळ दूरचित्रवाणीवरचा विश्वचषक कांतोरांकडे नव्हता. २००० साली ते टेलेमुंदोत गेले आणि विश्वचषकाचे हक्क २०१४पर्यंत युनिव्हिजनकडेच राहिले. कारकिर्दीच्या ऐन बहरात चार विश्वचषक पडद्यावरून हुकले. माझ्या मते त्यांचा खरा शहाणपणा इथे दिसतो. ‘फुत्बोल दे प्रिमेरा’ या रेडिओ उपक्रमात त्यांचा स्वतःचा वाटा होता. त्या रेडिओवरून ते विश्वचषकाचं समालोचन करतच राहिले. टीव्हीने दार लावलं तेव्हा ते आपल्या कलेच्या मूळ घरी गेले. ट्रकचालक, स्वयंपाकी, बांधकामावरचे मजूर यांना काम करता करता टीव्ही कुठला बघायला मिळणार? रेडिओ मात्र कामाच्या जागी पोचत होता.

२०१८चा विश्वचषक टेलेमुंदोकडे आला आणि कांतोर पुन्हा पडद्यावर आले. मग १८ डिसेंबर २०२२. लुसेलमध्ये अर्जेंटिना विरुद्ध फ्रान्स, ३-३, पुन्हा पेनल्टी. गोंसालो मोन्तिएलचा चेंडू जाळ्यात गेला आणि कांतोर बोलू लागले. अर्जेंटिना विश्वविजेती आहे, एवढंच वाक्य ते पुन्हा पुन्हा म्हणत होते आणि आवाज फुटत होता. साठीच्या उंबरठ्यावरचा हा माणूस उघडउघड रडत होता. ती चित्रफीत जगभर फिरली. काहींनी नाक मुरडलं, की समालोचकाने तटस्थ राहावं. मलाही तत्त्व म्हणून ते मान्य आहे. पण पस्तीस वर्षं मेक्सिकोच्या, ब्राझीलच्या, कोणाच्याही गोलाला तोच दम देणाऱ्या माणसाचा एक दिवस मी हिशेबात धरणार नाही. माझं घर ब्राझीलचं असूनही!

त्यांचा मुलगा निको कांतोर आज सीबीएस वाहिनीवर फुटबॉलचा निवेदक आहे, आणि तो काम करतो इंग्रजीत. २०२३मध्ये सीबीएसने चोवीस तास फक्त फुटबॉल दाखवणारी एक इंग्रजी सेवा सुरू केली. तिला नाव देताना त्यांनी स्पॅनिश शब्द घेतला : ‘गोलासो’. याचा अर्थ डोळ्यांचं पारणं फेडणारा गोल. अमेरिकन उच्चारात त्याचं ‘गोलाझो’ होतं.