सिनेमाकेसरी बाबूराव पेंटर

चित्रपट म्हणजे केवळ घटकाभराची करमणूक, असा पुष्कळांचा समज असतो. परंतु मुक्या जनांचे दुःख चारचौघांसमोर मांडण्याचे सामर्थ्यही त्यात आहे. हे सामर्थ्य आपल्या देशात ज्यांनी आरंभीच ओळखले, त्यांत कोल्हापूरचे बाबूराव पेंटर प्रमुख होत.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म सन १८९० मध्ये कारागिराच्या घराण्यात झाला. कलाशाळेचे शिक्षण नसताही ते व त्यांचे नात्यातील बंधू आनंदराव यांनी नाटकांचे पडदे रंगविण्यात कीर्ती मिळविली व 'पेंटर' हेच नाव त्यांस चिकटले. सन १९१३ मध्ये दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' निघाला आणि या बंधूंस चित्रपटाचा ध्यास लागला. परदेशी कॅमेरा विकत घेण्याइतके द्रव्य जवळ नव्हते. तेव्हा तो घरीच घडविण्याचे त्यांनी योजिले. सन १९१६ मध्ये आनंदराव निवर्तले. तथापि बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने तो कॅमेरा सिद्धीस नेलाच.

पुढे गायिका तानीबाई कागलकर यांनी द्रव्यसाहाय्य केले व महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. 'राजा हरिश्चंद्र' मध्ये स्त्रीभूमिका पुरुषांनी केल्या होत्या. बाबूरावांच्या 'सैरंध्री' (१९२०) मध्ये त्या स्त्रियांनीच केल्या. हा चित्रपट पाहून लोकमान्य टिळकांनी त्यांस 'सिनेमाकेसरी' ही पदवी दिली.

परंतु त्यांचे खरे धाडस 'सावकारी पाश' (१९२५) मध्ये दिसून आले. देवादिकांच्या व राजेरजवाड्यांच्या कथा लोकप्रिय असता त्यांनी साधा शेतकरी नायक केला. सावकार त्याची जमीन गिळंकृत करितो आणि तो बापडा शहरात जाऊन गिरणीत मजूर होतो, एवढीच कथा. तरुण शेतकऱ्याची भूमिका पुढे प्रसिद्धीस आलेले व्ही. शांताराम यांनी केली. मूकपटात शब्दांचा आधार नसतो. जे सांगावयाचे ते मुद्रेने व छायाप्रकाशानेच सांगावे लागते. बाबूराव प्रत्येक दृश्याचे चित्र आधी कागदावर रेखाटीत. चित्रकाराची ही दृष्टी येथे फार उपयोगी पडली. कर्ज म्हणजे काय, हे आम्हां साखरा व हिंगोलीकडील शेतकरी कुटुंबांस निराळे सांगावयास नको. ज्याचे शेत जाते त्याचे गावही सुटते, हे सत्य बाबूरावांनी तेव्हाच पडद्यावर आणिले.

योगायोग असा की, त्याच सन १९२५ मध्ये रशियात सर्गेई आयझेनस्टाईन यांनी खलाशांच्या बंडावर 'बॅटलशिप पोटेमकिन' काढिला. त्यांच्या पाठीशी सोव्हिएत राजसत्ता होती. बाबूरावांच्या पाठीशी कोल्हापुरातील सहकारी व एका गायिकेचे औदार्य होते.

सन १९२९ मध्ये दामले, फत्तेलाल व शांताराम यांनी निराळे होऊन प्रभात कंपनी काढिली. बाबूरावांनी सन १९३६ मध्ये 'सावकारी पाश' बोलपटाच्या रूपाने पुन्हा काढिला. चित्रकला व शिल्पकला त्यांनी कधीच सोडिली नाही. सन १९५४ मध्ये ते कालवश झाले.

विद्यार्थिमित्रांनो, साधन नाही म्हणून बाबूराव हात बांधून बसले नाहीत. त्यांनी साधनच घडविले. आणि ते हाती आल्यावर आपल्या शेजारच्या शेतकऱ्याचे दुःख दाखविण्यास ते विसरले नाहीत. यांतील दुसरी गोष्ट आम्हांस अधिक मोलाची वाटते.