सळई बसवली, पण दुखणं राहिलं? कागदावर नोंद करून घ्या!

मैत्रिणींनो, अशी एक तरी ताई आपल्या ओळखीत असतेच. पडून मांडीचं हाड मोडलं, ऑपरेशन करून सळई बसवली, हाड जुळलं. पण वर्ष उलटलं तरी निंदायला बसलं की कळ येते. घरचे म्हणतात, "हाड जुळलंय ना? मग आता कसलं दुखणं?" ताई गप्प बसते, मेडिकलमधून गोळी आणते आणि कामाला लागते.

हे दुखणं म्हणजे मनाचे खेळ नाहीत. डॉक्टरांच्या यादीत त्याला स्वतःची जागा आहे.

आजारालाही नंबर असतो

जमिनीला जसा गट नंबर, तसा आजाराला कोड. जागतिक आरोग्य संघटनेने सगळ्या आजारांची यादी केली आहे, तिला आयसीडी म्हणतात. तिच्या दहाव्या आवृत्तीत शरीरात बसवलेल्या वस्तूंच्या त्रासासाठी वेगळे कोड आहेत:

- टी ८२ : हृदय व रक्तवाहिन्या (उदा. डायलिसिससाठी हातात बसवलेली कृत्रिम नळी)
- टी ८३ : लघवीचा मार्ग व गर्भाशय (उदा. तांबी)
- टी ८४ : हाडं व सांधे (सळई, प्लेट, स्क्रू, बदललेला गुडघा)
- टी ८५ : इतर (उदा. हर्नियाची जाळी)

पुढचा आकडा त्रास कोणता ते सांगतो. पायातला स्क्रू सरकला तर टी ८४.१, तिथे जंतुसंसर्ग झाला तर टी ८४.६ आणि त्या वस्तूमुळे दुखत असेल तर टी ८४.८. अकराव्या आवृत्तीत तर ऑपरेशननंतर ३ महिन्यांपेक्षा जास्त टिकणाऱ्या दुखण्याला वेगळा कोड दिला आहे. ही आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली.

आपल्याला त्याचं काय?

कोड आपण लावायचा नसतो. डॉक्टर जे लिहितात त्यावरून तो लागतो. केसपेपरवर नुसतं 'पाय दुखतो' लिहिलं, तर सळईचा संबंध नोंदीत येतच नाही. पुढचा डॉक्टर पहिल्यापासून सुरुवात करतो. एखाद्या वस्तूचा त्रास बऱ्याच जणींना होत असेल, तरी तो मोजला जात नाही.

मात्र एक लक्षात ठेवा. कोड लागला म्हणजे डॉक्टरांची चूक ठरली असं नाही. दुखणं सळईमुळेच आहे की दुसऱ्या कशामुळे, हे तपासून डॉक्टरच ठरवतात.

दवाखान्यात जाताना

१. ऑपरेशन कधी झालं, काय बसवलं, दुखणं कधीपासून आहे, हे आधी लिहून न्या.

२. "लई दुखतंय" एवढंच सांगू नका. "उकिडवं बसता येत नाही", "हंडा उचलला की कळ येते", "रात्री झोप मोडते" असं सांगा.

३. डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे आणि वस्तूचं स्टिकर न्या. स्टिकरवर कंपनी व बॅच नंबर असतो.

४. "डॉक्टर, हे दुखणं सळईमुळे आहे का? असेल तर तसं लिहून द्याल का?" असं सरळ विचारा.

कागद हरवले असतील तर दवाखान्यात लेखी अर्ज करा. वैद्यकीय परिषदेच्या २००२ च्या नियमांनुसार अर्ज केल्यापासून ७२ तासांत कागद द्यावे लागतात. पण भरती रुग्णांच्या नोंदी ३ वर्षंच ठेवण्याचं बंधन आहे, म्हणून उशीर करू नका.

बसवलेल्या वस्तूमुळे त्रास झाला तर रुग्णालाही तो कळवता येतो. यासाठी २०१५ पासून केंद्र सरकारचा कार्यक्रम आहे. मोफत फोन : १८००-१८०-३०२४.

ताप, सूज, लाली किंवा पू दिसला, तर बैठकीची वाट पाहू नका. त्याच दिवशी दवाखाना गाठा. रोज मनाने वेदनाशामक गोळ्या घेऊ नका, त्याने पोट आणि किडनी बिघडते.

गटाचं पासबुक आपण कसं जपतो? ऑपरेशनची फाईलही तशीच जपा. पुढच्या बैठकीत ज्यांच्या घरी अशी फाईल आहे त्यांनी ती घेऊन या. डिस्चार्ज कार्ड आणि स्टिकर आहे का, एवढं तरी आपण मिळून बघू.