चिमुकल्या वीजपुरवठ्याचे संरक्षण

पाण्याच्या टाकीचा स्वयंचलित पंप-स्विच असो की वाय-फायवर चालणारा दिवा, ठाणे आणि कल्याण-डोंबिवलीतील घरोघरच्या अशा उपकरणांत काड्यापेटीहूनही लहान असा एक बंद ठोकळा असतो आणि तो घरातल्या २३० व्होल्ट विजेपासून ५ व्होल्टचा एकदिश प्रवाह तयार करतो. आलेली वीज आधी एकदिश होते, त्या वेळी तिचा दाब सुमारे ३२५ व्होल्टपर्यंत चढतो; मग ती सेकंदाला हजारो वेळा तोडून एका इवल्याशा ट्रान्सफॉर्मरमधून नेली जाते, ज्याच्या दोन गुंडाळ्यांमधील विद्युतरोधक थरावर वापरणाऱ्याची सुरक्षितता अवलंबून असते.

तयार चार्जर आणि अ‍ॅडॅप्टर यांना भारतीय मानक ब्युरोची नोंदणी सक्तीची आहे. परंतु मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून सुटा ठोकळा आणून जो स्वतः उपकरण जुळवतो, त्याला संरक्षणाची तजवीजही स्वतःच करावी लागते.

सर्वांत मोठा धोका न्यूट्रल वायर तुटण्याचा असतो. तीन फेजवर विभागलेल्या चाळीत किंवा इमारतीत सामाईक न्यूट्रल तुटली की वेगवेगळ्या फेजवरील घरे एकमेकांशी जोडली जाऊन ४०० व्होल्टच्या दाबाखाली येतात आणि ज्या घरात कमी उपकरणे चालू असतात, तिथला दाब धोकादायक वाढतो. असे ठोकळे सहसा २६५ व्होल्टपर्यंतच चालण्याजोगे बनवलेले असल्याने त्यांच्यापुढे फ्यूज आणि व्हॅरिस्टर, म्हणजे दाब वाढताच स्वतःचा विरोध घटवून जादा प्रवाह स्वतःतून वाहू देणारा घटक, जोडला पाहिजे. व्हॅरिस्टर क्षणिक झटका पचवतो. पण वाढीव दाब टिकून राहिला, तर तो स्वतःच तापून पेट घेऊ शकतो. म्हणूनच ठरावीक तापमानाला परिपथ तोडणारा औष्णिक फ्यूज त्याला अगदी चिकटून बसवणे आवश्यक ठरते, आणि काही रुपयांच्या या घटकाची काटकसर समर्थनीय नाही.

खाडीकाठच्या दमट हवेत, विशेषतः पावसाळ्यात, बोर्डावरील धूळ ओलावा धरते. तिच्यातून वीज पाझरू नये यासाठी उच्चदाबाची आणि कमी दाबाची बाजू यांत सुमारे ६ मिलिमीटर अंतर ठेवतात व मध्ये आरपार खाच पाडतात. बंद स्विचबोर्डातील उष्णताही घातक असते, कारण तापमान १० अंशांनी वाढले की इलेक्ट्रोलिटिक कपॅसिटरचे आयुष्य साधारण निम्म्यावर येते.

औष्णिक फ्यूज जोडताना सोल्डरिंगच्या उष्णतेनेच तो निकामी होऊ नये म्हणून त्याची तार लांब ठेवून चिमट्याने पकडावी लागते आणि जोडणीनंतर मल्टिमीटरने तो शाबूत असल्याची खात्री करून घ्यावी लागते.